दोन चिमण्यांचा वाडगा

ही गोष्ट मी रंगवून सांगणार नाही. तशी गरजच नाही.

ज्यांचा विश्वास बसणार नाही त्यांनी खुशाल ठेवू नये, मी वाद घालायला येणार नाही. पण यातली माणसं माझ्या घरातली आहेत. त्यातल्या दोघी आजही रोज संध्याकाळी एकाच टेबलाशी जेवायला बसतात.

लग्न करून मी कानाझावाला आले त्याला एकोणीस वर्षं झाली. पण गोष्ट माझी नाही, माझ्या धाकट्या जावेची आहे. चिझुरूची.

दिवस सोमवार, अठरा नोव्हेंबर.

वेळ संध्याकाळी सहा वाजून चाळीस मिनिटं.

जागा आसानो नदीकाठची काझुएमाची गल्ली. तिथलं ओतोवा मावशींचं सात खुर्च्यांचं ओदेनचं, म्हणजे रश्शात मंद शिजवलेल्या पदार्थांचं, दुकान.

वेळ इतकी नेमकी कशी माहीत, ते पुढे कळेलच.

त्याच्या तीन वर्षं आधी, अशाच नोव्हेंबरात, कोहेई भावजी नोतोच्या किनाऱ्यावरून खेकड्यांच्या बोटीवर गेले होते. कोहेई भावजी म्हणजे माझे धाकटे दीर, चिझुरूचा नवरा. वादळ झालं. बोट उलटी सापडली. बरोबरच्या दोघांचे देह मिळाले.

भावजींचा मिळाला नाही.

त्या दिवसापासून सासूबाईंनी ताट वाढायला सुरुवात केली. घरापासून लांब गेलेल्या माणसासाठी आमच्याकडे असं ताट वाढतात, तो जिथे असेल तिथे उपाशी राहू नये म्हणून. रोज संध्याकाळी साडेसहाला भाताचं भांडं उघडायचं आणि पहिला वाफाळता भात भावजींच्या वाडग्यात. त्यांच्याच वाडग्यात. इथे घरात ज्याचा त्याचा वाडगा ठरलेला असतो, दुसऱ्याच्या वाडग्यात कुणी जेवत नाही.

भावजींचा वाडगा पांढरा होता. त्यावर दोन हिरव्या चिमण्या, आणि काठाला एक टवका गेलेला.

तो टवका त्यांनीच पाडलेला. जेवायला बसले की जेवणाच्या काड्यांनी वाडग्याच्या काठावर दोनदा वाजवायची खोड होती त्यांना.

टण... टण...

"वाजवू नकोस रे मेल्या! भुकेली भुतं गोळा होतात!" सासूबाई ओरडायच्या.

"येऊ देत ना. भात खूप आहे," भावजी म्हणायचे. आणि मुद्दाम तिसऱ्यांदा वाजवायचे.

तर सासूबाई त्या वाडग्यावर झाकण ठेवायच्या. थोड्या वेळाने उचलून आतून बघायच्या. झाकणाला पाण्याचे थेंब जमलेले असले की झालं. म्हणजे लेक जिवंत आहे, त्याच्या पोटात अन्न गेलं.

"आई, गरम भातावर झाकण ठेवलं की थेंब येणारच," चिझुरू म्हणायची.

"मग येतात ना? येऊ देत. तुझं काय जातं त्यात?"

तीन वर्षं रोज थेंब येत होते.

त्या ताटात काड्या नेहमी आडव्या. भातात उभ्या खुपसलेल्या काड्या फक्त एकाच माणसासाठी असतात... ज्याच्या उशाशी शेवटचा भात ठेवतात त्याच्यासाठी. इथल्या चार वर्षांच्या पोरालाही हे कळतं. जेवताना चुकून कुणी काडी उभी केली, तर आजी हातावर फटका देते.

आणि चिझुरूचं पोट नेमकं याच गोष्टीवर चाललं होतं!

ती संध्याकाळी परदेशी पाहुण्यांना शहर फिरवते. पायी पायी. ओमिचो बाजारापासून सुरुवात, मग अंधाऱ्या उताराच्या पायऱ्या उतरून नदीकाठ, वाटेत चार ठिकाणी खाणं. तिसरा थांबा ओतोवा मावशींकडे. तिथे ती जेवणाच्या रीतीभाती दाखवायची. शेवटी गरम भाताचा वाडगा पुढे ओढायची, सगळ्यांकडे बघायची, आणि दोन्ही काड्या भातात सरळ उभ्या खुपसायची.

"हे मात्र चुकूनही करू नका. हे मेलेल्या माणसाचं जेवण आहे."

पाहुणे हसायचे, दचकायचे, फोटो काढायचे. घरी जाऊन बाकी सगळं विसरले तरी एवढं विसरायचे नाहीत.

ओतोवा मावशींना ते बिलकुल पसंत नव्हतं. "माझे वाडगे गिऱ्हाइकांसाठी आहेत. तुझं नाटक तुझ्या वाडग्यात कर," त्यांनी पहिल्याच आठवड्यात बजावलं होतं. म्हणून चिझुरू एक साधा पांढरा वाडगा रुमालात बांधून न्यायची. घरी तो भावजींच्या वाडग्याशेजारी भांड्यांच्या जाळीत पालथा असायचा.

आता कळलं ना, मी कुठे चालले आहे ते?

त्या सोमवारी सकाळी त्यांच्या घरात भांडण झालं होतं. चिझुरू आणि सासूबाई एकत्र राहतात, आम्ही वेगळे. भावजी मृत असल्याचं नोंदवायचा अर्ज दोन वर्षं कपाटात पडून होता. त्यावर चिझुरूला सासूबाईंची सही हवी होती. ती एक्केचाळीस वर्षांची, धड सवाष्ण नाही, धड विधवा नाही. मला विचाराल तर तिचं काही चुकत नव्हतं.

सासूबाईंनी अर्ज घडी करून परत दिला.

"तो रोज माझ्या हातचं जेवतो. जेवणाऱ्या माणसाच्या मरणाचा दाखला काढतेस?"

"आई, मी किती वर्षं वाट बघायची?"

"मी बघते आहे ना? तू नको बघूस."

संध्याकाळपर्यंत दोघी एकमेकींशी बोलल्या नाहीत. साडेचारच्या सुमाराला आभाळ गडगडायला लागलं. नोव्हेंबरातला हा गडगडाट बुरी मासे घेऊन येतो, म्हणून इथले लोक खूश होतात. चिझुरूला उशीर झाला होता. तिने जाळीतला वाडगा घाईघाईत उचलला, रुमालात गुंडाळला आणि पळाली.

न बघता उचलला. असं ती म्हणाली.

त्या दिवशी पाहुणे तीनच होते. ग्लेनिस आणि वॉरन हे ऑस्ट्रेलियातलं निवृत्त मास्तरांचं जोडपं, आणि फेम्के नावाची उंच डच मुलगी. बाजारात खेकडे बघून झाले. वॉरनने प्रत्येक खेकड्याला शाळेतल्या एकेका सहकाऱ्याचं नाव दिलं, ग्लेनिसने त्याला दोनदा कोपराने ढोसलं. सहा-सव्वासहाला सगळे ओतोवा मावशींच्या दुकानात शिरले. बाहेर गारा पडायला लागल्या होत्या.

आत दुसरं कुणी नव्हतं. मोठ्या चौकोनी भांड्यात मुळा, अंडी, खेकड्याच्या भरलेल्या कवट्या शिजत होत्या, काचांवर वाफ धरली होती. सगळ्यांचं खाणं झालं. चिझुरूने रुमालाची गाठ सोडून वाडगा मागे न बघताच मावशींकडे दिला.

मावशी भात वाढता वाढता म्हणाल्या, "आज वाडगा बदलला वाटतं?"

"हो का? असेल," चिझुरू म्हणाली.

वाडगा तिच्यापुढे आला. त्यातून वाफ निघत होती.

तिने नेहमीसारखं सगळ्यांकडे बघितलं. नेहमीसारखी थोडी थांबली.

आणि काड्या उभ्या खुपसल्या.

"हे मात्र चुकूनही करू नका..."

वाफ थांबली.

शेजारच्या भांड्यातून वाफ निघत होती, वॉरनच्या चहातून निघत होती. फक्त त्या वाडग्यावरची... कुणी हात ठेवावा तशी... बंद झाली.

फेम्के फोटो काढत होती; त्या फोटोवरची वेळ सहा चाळीस. ग्लेनिस तोंडावर हात ठेवून हसत होती.

आणि त्या हसण्यात चिझुरूला ऐकू आलं.

टण... टण...

काड्या भातात सरळ उभ्या होत्या. वाडग्याला कुणाचाही हात लागलेला नव्हता.

चिझुरूने खाली बघितलं. काठाला टवका. टवक्याच्या खाली दोन हिरव्या चिमण्या.

तिने काड्या उपसून काढल्या. पाहुण्यांसमोर काय करायचं ते सुचेना, म्हणून रोज करायची तेच केलं. भात वाया घालवायचा नसतो, नाटक झालं की तो भात ती स्वतः खायची. तिने एक घास घेतला.

भात बर्फासारखा गार होता.

आणि त्याला चवच नव्हती. शिळ्या भातालाही काहीतरी चव असते. याला काहीच नव्हती.

"पोरी, थुंक तो!" मावशींनी आतून हात लांब करून वाडगा ओढून घेतला. त्यांचा चेहरा उतरला होता. "खाऊ नकोस. ज्याला वाढलास त्याने खाल्लाय तो."

"मावशी, मी कुणालाही..."

"वाडगा कुणाचा आहे?"

मावशींनी वाडगा आहे तसा, भातासकट रुमालात बांधला आणि तिच्या हातात कोंबला.

"आत्ताच्या आत्ता घरी ने."

पण पाहुणे होते. अजून एक थांबा बाकी होता, आणि पाहुण्यांना अर्ध्या वाटेवर सोडलं तर कामच गेलं असतं. ती हसली, छत्र्या वाटल्या, पुढे निघाली.

काझुएमाचीची ती गल्ली इतकी अरुंद आहे की समोरून कुणी आलं तर अंग चोरावं लागतं. गारा थांबल्या होत्या. दगड ओले होते. नेहमी कुठल्या तरी माडीवरून वाद्याची तार तरी ऐकू येते.

त्या संध्याकाळी काही नव्हतं. नदीचासुद्धा आवाज नव्हता.

मग मागून आला...

चप... चप... चप...

पाणी भरलेले रबरी बूट घालून कुणी चालावं तसा. हे बूट चिझुरूच्या चांगले ओळखीचे होते. दहा वर्षं ती ते दाराबाहेर उलटे करून पाणी काढत होती.

तिने मागे बघितलं नाही.

वॉरन सगळ्यात मागे होता. तो एकदम भिंतीला चिकटला, छत्री वर केली आणि मान लववून म्हणाला, "या या, आधी तुम्ही जा."

आवाज त्याच्याजवळून गेला. ग्लेनिसजवळून गेला. चिझुरूच्या डाव्या खांद्याला गार वारा लागला, डिझेलचा आणि खाऱ्या पाण्याचा वास आला... आणि आवाज पुढे गेला.

चप... चप... चप...

गल्लीच्या टोकाला, पुलाच्या दिशेने.

वॉरन अजून भिंतीलाच चिकटून होता. "आत्ता इथून कोण गेलं?" त्याने विचारलं.

चिझुरू मला म्हणाली, "ताई, तो माझ्या मागे लागला असता तर मी इतकी घाबरले नसते. पण तो माझ्यासाठी आलाच नव्हता. तो पुढे गेला."

पुलापलीकडे, उतात्सु डोंगराच्या पायथ्याशी, तिचं घर आहे.

घरात सासूबाई एकट्या होत्या.

तिने फोन काढला. घरून सात फोन येऊन गेले होते. पहिला सहा चाळीसचा.

तिने लावला. सासूबाईंनी लगेच उचलला. आवाज एखाद्या मुलीसारखा आनंदलेला होता.

"चिझुरू, कुठे आहेस गं? कोहेईचा वाडगा सापडत नाहीये, तू बघितलास का? सगळं घर पालथं घातलं. थांब... थांब जरा, दार वाजतंय."

"आई, दार उघडू नका."

"अगं, त्याचाच हात आहे. दोनदा वाजवतोय."

"आई, ऐका! उघडू नका! मी आले!"

फोन तिकडे कुठेतरी ठेवल्याचा आवाज आला. मग सरकत्या दाराचा.

मग काहीच नाही.

चिझुरूने आयुष्यात पहिल्यांदा पाहुण्यांना रस्त्यात सोडलं. छातीशी वाडगा धरून ती पूल ओलांडून पळत सुटली. तीनदा घसरली, गुडघा फुटला. तो व्रण अजून आहे.

दार उघडं होतं.

उंबऱ्याबाहेरच्या दगडावर पाणी साचलं होतं. दोन बुटांपुरतं. आत मात्र सगळं कोरडं होतं.

सासूबाई ताटासमोर बसल्या होत्या. ताटात आमटी होती, मासा होता, काड्या आडव्या होत्या. वाडग्याची जागा रिकामी होती.

"आत आलाच नाही गं," त्या म्हणाल्या. "दाराशीच उभा राहिला. म्हटलं, ये, जेवून घे. तर म्हणाला, आई, माझा वाडगा कुठाय? म्हटलं, थांब, चिझुरू आणेल. थांबला नाही."

त्यांनी चिझुरूच्या हातातला रुमाल बघितला.

"आण."

त्यांनी गाठ सोडली. भात तसाच होता. वरच्या बाजूला एक घास खाल्लेला, आणि मधोमध... दोन खोल भोकं.

सासूबाईंनी ती भोकं बघितली. बराच वेळ बघितली.

ओरडल्या नाहीत. उठल्या, वाडगा धुतला, पुसला. भांड्यातला वाफाळता भात त्यात भरला आणि झाकण ठेवलं. दोघी समोरासमोर बसल्या. भिंतीवरच्या घड्याळात साडेसात वाजले होते.

सासूबाईंनी झाकण उचललं. आतल्या बाजूने बोट फिरवलं. बोट चिझुरूपुढे धरलं.

कोरडं ठाक.

"तीन वर्षं मी त्याला धरून ठेवला होता," सासूबाई म्हणाल्या.

इथवर ऐकून तुम्ही म्हणाल, दोघी दुःखी बायका, सकाळचं भांडण, मनाचे खेळ. मीही तेच म्हटलं होतं. माझ्या नवऱ्याने तर बायकांची डोकी फिरली आहेत म्हणून हातच झटकले.

चौथ्या दिवशी, शुक्रवारी सकाळी, नोतोच्या पोलिसांचा फोन आला. किनाऱ्याला एक देह लागला होता. ओळख पटवायला मी आणि माझा नवरा गेलो. चिझुरूला नेलं नाही.

कोहेई भावजीच होते. दातांवरून, रक्तावरून, सगळ्यावरून खात्री झाली. अंगावर तीन वर्षांपूर्वी घरातून निघताना घातलेलाच निळा स्वेटर. पायात रबरी बूट.

तपासणाऱ्या डॉक्टरांनी माझ्या नवऱ्याला बाजूला नेलं. मी मागेच उभी होते, मला सगळं ऐकू आलं.

"तुम्ही म्हणता, हे तीन वर्षांपूर्वी बुडाले?"

"हो."

"ते शक्य नाही. यांना मरून चार दिवस झालेत. जास्तीत जास्त पाच."

नवऱ्याने मागे वळून माझ्याकडे बघितलं.

"आणखी एक," डॉक्टर खालच्या आवाजात म्हणाले. "कुठे अडकले होते, कुठे लपले होते, मला माहीत नाही. पण उपाशी नव्हते. रोज नीट जेवणाऱ्या माणसाचा देह आहे हा."

तीन वर्षं ते कुठे होते, ते पोलिसांना सापडलं नाही. अजूनही सापडलेलं नाही. आम्ही विचारायचंही सोडून दिलं.

शवपेटी घरातून निघाली तेव्हा रीतीप्रमाणे सासूबाईंनी दाराच्या दगडावर तो वाडगा फोडला, गेलेल्याने पुन्हा जेवायला परत येऊ नये म्हणून. पहिल्याच आपटीत चार तुकडे झाले. मी स्वतः गोळा करून टाकले.

सासूबाई चिझुरूला एका शब्दाने बोलल्या नाहीत. उलट कुणी कुजबुजलं की त्याच तुटून पडायच्या. "घाईत चूक झाली पोरीची. जाळीत मीच शेजारी शेजारी ठेवले होते वाडगे. माझं चुकलं." असं म्हणून त्या तिला जवळ घ्यायच्या. मला रडू यायचं ते बघून.

चिझुरू अजून पाहुण्यांना फिरवते. ते काड्यांचं नाटक मात्र बंद केलं. त्या घासापासून तिला भाताची चव लागत नाही. पाहुण्यांना ती सांगते, आमच्याकडचा भात किती गोड असतो बघा, आणि स्वतः कापूस चावल्यासारखा चावते.

वर्षश्राद्धाला मी तिच्या घरी गेले होते. संध्याकाळची वेळ. सासूबाई स्वयंपाकघरात होत्या, आम्ही दोघी बाहेरच्या खोलीत गाद्यांच्या घड्या घालत होतो. चिझुरू बराच वेळ एकच घडी घालत होती, मोडत होती.

"ताई, तुम्हाला एक सांगू?"

"सांग ना."

"मी चिमण्या बघितल्या होत्या."

मला आधी कळलंच नाही.

"जाळीत," ती म्हणाली. "हात पांढऱ्या वाडग्याकडेच गेला होता. मग चिमण्या दिसल्या. वाटलं, एकदा हा भात त्याला वाढून टाकू. आईंच्या हातून व्हायचं नाही, मीच करते. म्हणजे संपेल. मला वाटलं होतं, तो मेलेलाच आहे." तिने पुन्हा घडी मोडली. "ताई, खरंच तसं वाटलं होतं मला. तो मेलेलाच आहे असं."

मी तिच्याकडे बघत राहिले.

तेवढ्यात स्वयंपाकघरातून सासूबाईंचा आवाज आला.

"वाडगा कोण वाजवतंय गं?"

आमच्या दोघींच्या हातात गादी होती.

मी हे सासूबाईंना सांगितलेलं नाही. नवऱ्यालाही नाही. सांगावं की नाही, मला अजून समजत नाही. सांगितलं तर त्या घरात काय होईल, कोण जाणे.

माझा मुलगा आता शिकायला तोक्योला असतो. त्याचा वाडगा मी जाळीत ठेवत नाही, कपाटात कुलपात ठेवते. रोज संध्याकाळी त्यात भात वाढते, झाकण ठेवते, आणि थेंब दिसेपर्यंत कुणाशी बोलत नाही.

सासूबाई ब्याऐंशीच्या आहेत. रोज साडेसहाला त्या भाताचं भांडं उघडतात आणि पहिला वाफाळता भात स्वतःच्या हाताने चिझुरूला वाढतात. परवा मला म्हणाल्या, "दुसरं काही नाही गं, एवढंच कळत नाही. मी वाढायला घेतलं की कुणीतरी दोनदा वाजवतं. आणि ही पोर दचकून माझ्याकडेच का बघते?"